माचालभाऊंचा फाल्गुन

फाल्गुन लागला की आमच्या भिलाईत दोन गोष्टी एकदम फुलतात. एक सावर आणि दुसरे कोचिंगवाल्यांचे फलक. सावरीवर पान नसतं, नुसती लाल फुलं. फलकांवरही धड नसतं, नुसते चेहरे, गेल्या साली पास झालेल्यांचे. मी गणिताच्या शिकवण्या घेते, त्यामुळे त्यातले बरेच चेहरे मी जवळून पाहिलेले आहेत. चौकातून जगाकडे मोठ्या विश्वासानं पाहणारा एक चेहरा तर माझ्या व्हरांड्यात अपूर्णांकांच्या भागाकारावरून ढसाढसा रडला होता. ते फलकावर लिहिलेलं नाही.

बाकी मोसम दरवर्षी येतो तसाच येतो. कूलर पुसून खिडकीला लागतो, नव्या खसावर पहिलं पाणी पडतं आणि घरभर ओल्या गवताचा वास सुटतो. अंगणात वाळत घातलेल्या कुरड्यांवर स्टील प्लांटची लाल धूळ बसू नये म्हणून जुनी साडी पसरावी लागते. दुर्गच्या बाजारात होळीचे नगारे विकायला येतात. पोरं ते संध्याकाळी बडवत सुटतात, आणि ज्यांच्या घरी बोर्डाची परीक्षा आहे ते आईबाप खिडक्या लावत सुटतात. इतर गावांत या दिवसांना वसंत म्हणत असतील. आमच्याकडे परीक्षा म्हणतात.

यंदाही हे सगळं आलं, आणि मला माचालभाऊ आठवले.

माचालभाऊ म्हणजे ओल्द्रिख माचाल, चेक सिनेमांचे पटकथालेखक. ते भिलाईला कधी आले नाहीत. भिलाई नावाचं गाव पृथ्वीवर आहे हे त्यांना ठाऊक असण्याचं कारण नाही, आणि आम्हाला त्यांचं नाव कळलं तेव्हा त्यांना जाऊनही बराच काळ लोटला होता. तरी एका फाल्गुनात ते आमच्या सेक्टरमधल्या क्वार्टरमध्ये मुक्कामाला होते, असंच म्हणावं लागेल. आमच्यासोबत जेवत होते. आई त्यांच्या तब्येतीची चौकशी करत होती.

त्यांना घरात आणलं रुचानं. रुचा माझी भाची, म्हणजे माझ्या मोठ्या भावाची, दादाची मुलगी. माझं लग्न झालं नाही आणि मी ते मनावरही घेतलं नाही, तेव्हा दादा, वहिनी, रुचा, आई आणि मी असं आमचं पाच जणांचं घर. वडील रेल्वेत होते. आमगावच्या पुढच्या एका फाटकावर नोकरी करून शेवटी दुर्गला निवृत्त झाले, आता ते नाहीत. दादा प्लांटमध्ये बॉयलरवर. वहिनी अहिवाऱ्याच्या शाळेत शिकवते, रोज संध्याकाळी तिकडच्या चुनखडीच्या गाड्यांची पांढरी धूळ अंगावर घेऊन येते. दादा लाल, वहिनी पांढरी. मधल्या रंगाची आमची रुचा.

दादाची शिफ्ट सुटली की त्याची एक खूण होती. तो पायरीवर बसायचा, पायांतले जाड सेफ्टी शूज काढायचा आणि दोन्ही उलटे धरून पायरीवर ठोकायचा. ठक्, ठक्. धूळ अंगणात, दादा घरात. हा आवाज ऐकला की वहिनी मागं वळूनही न पाहता गॅसवर चहाचं आधण ठेवायची. घड्याळ बंद पडलं तरी चाललं असतं, पण त्या आवाजाशिवाय आमच्या घरात संध्याकाळ होत नसे. मी शिकवणी घेत असले तर पोरंसुद्धा वह्या मिटायला लागायची.

त्या वर्षी रुचाचं दुर्गच्या कॉलेजातलं बी. एस्सी. संपत आलं होतं, आणि तिनं एके दिवशी जेवताना जाहीर केलं की तिला सिनेमा लिहायचाय. पुण्याकडे सिनेमा लिहायला शिकवणारी शाळा आहे, तिची लेखी परीक्षा आपण गुपचूप देऊन आलो आहोत आणि पासही झालो आहोत. आता फक्त मुलाखत उरली. दादाच्या हातातला घास हातातच राहिला.

आता दादा काही जुन्या सिनेमातला बाप नाही. तो ओरडला नाही. त्याची अडचण वेगळी होती, आणि ती त्यानं सरळ सांगितली. आपल्या प्लांटमधून रूळ निघतो, तो दाखवता येतो. माणूस गाडीत बसून पोराला सांगू शकतो की पाह्य, खालचं हे लोखंड आमच्या गावचं. वहिनीनं शिकवलेलं पोरगं दाखवता येतं. सिनेमात नट दिसतो, गाणं ऐकू येतं. लिहिणाऱ्याचं काय दाखवायचं? बाहेर कोणी विचारलं तर बोट कशाकडे करायचं? रुचानं तावातावानं बरंच काही सांगितलं, अर्धं मराठीत आणि राग आल्यावर सगळं हिंदीत. शेवटी दादा हात धुऊन आला आणि म्हणाला, "एक डाव. झालं तं झालं. नाही तं चुपचाप बँकेच्या परीक्षेले बसायचं, अन् मंग मले हा विषय आयकू नाही आला पाह्यजे."

एक डाव म्हणजे एकच डाव. दादा शब्दाचा पक्का, आणि रुचाला ते माहीत होतं.

मुलाखतीत जगातल्या कोणत्याही एका पटकथालेखकाचं आयुष्य आणि काम यावर बोलायचं होतं, आणि मग परीक्षक विचारतील ते प्रश्न. मला वाटलं, एखादा मोठ्या नावाचा घेईल. पण हिनं निवडले माचाल. हिनं त्यांचा एक सिनेमा मोबाइलवर पाहिला होता. त्यात एका खेड्यातल्या लग्नात फोटोवाला यायला उशीर होतो, आणि तो येईपर्यंत वऱ्हाडी मंडळी नटूनथटून बाकांवर बसून राहतात. बस्, एवढीच गोष्ट. बसल्या बसल्या लोक भांडतात, जुनी उणीदुणी काढतात, कोणी पेंगतं. मी विचारलं, यात काय आहे एवढं? तर म्हणे, "आत्या, इसमें कुछ होताच नाही, अन् सगळं होऊन जाते. आपल्या घरासारखं." तिचं ते बोलणं मी मान्य केलं, कारण त्याच वेळी आई आणि वहिनी कैरीत गूळ किती घालायचा यावर दुपारपासून भांडत होत्या.

मग आमच्या घरात माचालांची उजळणी सुरू झाली. परीक्षा म्हटली की मला दुसरं काही सुचत नाही. मी रुचाला समोर बसवलं आणि त्रिकोणमितीची घ्यावी तशी माचालांची घेऊ लागले. जन्म कुठं? बाप काय करायचा? पहिला सिनेमा कोणता? तिकडं खुर्चीत आई निवडायला घेतलेली डाळ मांडीवर ठेवून ऐकायची, आणि व्हरांड्यातली दहावीची पोरं समीकरणं सोडवता सोडवता ऐकायची. एका पोरानं तर मला विचारलं की बाई, हे माचाल बोर्डाला आहेत का?

तर माचालांचा जन्म चेक देशातल्या मोराव्हिया प्रांतात, एका रेल्वे फाटकावर झाला. बाप फाटकवाला. फाटक बंद झालं की दोन्ही बाजूंना बैलगाड्या, सायकली, पाद्री, दारुडे सगळे थांबायचे, आणि माणूस थांबला की बोलतो. छोटा ओल्द्रिख खिडकीत बसून ते ऐकायचा. म्हातारपणी दिलेल्या एका मुलाखतीत ते म्हणाले होते की लिहायला मी कुठं शिकलो नाही, आमच्याकडे फक्त गाड्या उशिरा यायच्या.

हे ऐकलं आणि आईनं डाळ बाजूला ठेवली. फाटकावरचा जन्म म्हणजे आपलाच माणूस, असं तिनं ठरवूनच टाकलं. रुचानं मोबाइलवर त्या मुलाखतीतला म्हातारा दाखवला, लांब नाक, कानावर केस. आई म्हणाली, "हा तं पक्का रेल्वेवाला दिसते. आपल्या आमगावच्या मामासारखा." त्या दिवसापासून ते माचालभाऊ झाले. दुपारी भजनाला कुणाकडे गेली तरी आई त्यांची गोष्ट सांगे. गोष्टीतून हळूहळू मोराव्हिया गळालं, प्राग गळालं, आणि फक्त फाटक उरलं. पुढं मी एकदा कॅम्प-१ च्या बाजारात भाजी घ्यायला गेले, तर आमच्या ओळखीच्या एका बाई वांगी निवडता निवडता मला म्हणाल्या, तुमच्या त्या रेल्वेतल्या भाऊंवर फार अन्याय झाला हो, त्यांना परत घेतलं का कामावर? अन्याय कोणता ते पुढं येईलच; मी हो म्हणून टाकलं. भर बाजारात चेक सिनेमाचा इतिहास कुठं उघडून बसायचं.

दादा मात्र या सगळ्यात नव्हता. उजळणी सुरू झाली की तो उठून अंगणातल्या पेरूला पाणी घालायला जाई. त्या फाल्गुनात त्या पेरूनं इतकं पाणी प्यालं की वहिनी म्हणायची, झाड वाहून जाईल.

आणि मग माचालांच्या आयुष्यातलं ते वळण आलं. तरुणपणी ते प्रागला गेले, बाहुल्यांच्या नाटकात पेट्या उचलल्या, स्टुडिओत इतरांच्या पटकथा वाचायची नोकरी केली, मग स्वतः लिहायला लागले आणि त्यांच्या सिनेमांना लोक पोट धरून हसू लागले. एवढ्यात एका ऑगस्टमध्ये रशियाचे रणगाडे प्रागच्या रस्त्यांवर आले. हे रुचानं जेवताना सांगितलं, आणि दादानं पहिल्यांदाच मान वर केली. "रशियन? रशियन तं चांगले लोक होते," तो म्हणाला.

आमच्या गावात हे असं आहे. हा प्लांट उभा राहिला तो रशियन इंजिनिअरांच्या मदतीनं. दादा लहान असताना वडिलांसोबत इकडं आला की एक गोरा साहेब त्याच्या शर्टाला छोटा बिल्ला लावून द्यायचा. तो बिल्ला दादाच्या कपाटात अजून आहे. त्याच देशानं इकडं भट्टी दिली आणि तिकडं रणगाडे नेले, हे दादाच्या डोक्यात मावेना. मलाही नीट मावत नाही. आईला मात्र त्यात काही अवघड वाटलं नाही. "त्याच्यात काय? एकच माणूस वरातीत येगळा असते अन् वाटणीत येगळा," ती म्हणाली आणि ताक वाढून घेतलं.

रुचा पुढं सांगत राहिली. रणगाड्यांच्या विरोधात माचालांनी एका पत्रकावर सही केली, ती मागं घ्यायला नकार दिला, आणि त्यांचं लिहिणं बंद झालं. सिनेमांवरून नाव पुसलं. मग त्यांनी एका मोठ्या धोबीखान्यात बॉयलरवर नोकरी धरली. कोळसा टाकायचा, वाफ सांभाळायची. आणि तिथं बसून ते लिहीत राहिले. त्यांचे मित्र ते सिनेमे स्वतःच्या नावावर देत आणि सिनेमे लागत.

दादानं पोळीचा तुकडा ताटात ठेवला. इतक्या दिवसांत या विषयावरचा त्याचा पहिला प्रश्न आला, "बॉयलर कोणता होता?"

रुचाला माहीत नव्हतं. तिनं तसं सांगितलं. दादानं विचारलं, की मग बॉयलर पाहता पाहता लिहायचा? एवढी वाफ डोक्यावर असताना? मग यानं एक तर बॉयलर धड पाहिला नसल, नाही तर सिनेमा धड लिहिला नसल. रुचाचा पारा चढला. ती म्हणाली की आपण त्याच्या सिनेमाबद्दल बोलतोय, बॉयलरबद्दल नाही. दादा म्हणाला, "माणूस वर्षानुवर्षं ज्या आगीपुढे बसला, ते सोडून त्याच्यावर काय बोलशीन तू?" आई मध्येच म्हणाली की तो रेल्वेवाला आहे, बॉयलरचं काही सांगू नका. दादा म्हणाला, जन्मला असल रेल्वेत, पण नोकरी आमच्या खात्यात केली. माचालभाऊ रेल्वेचे की प्लांटचे यावर मायलेकांचं त्या दिवशी जे जुंपलं, ते ताटं वाळेपर्यंत मिटलं नाही. वहिनी आणि मी एकमेकींकडे पाहून हसलो, कारण पेरू त्या दिवशी कोरडा राहिला होता.

दुसऱ्या दिवसापासून उजळणीला दादा खुर्ची ओढून बसू लागला. प्लांटमध्ये बढतीच्या मुलाखती असल्या की सोबतचे लोक आधी एकमेकांची घेतात. एकाला स्टुलावर बसवायचं, बाकीच्यांनी साहेब व्हायचं आणि त्याला घाम फोडायचा. दादा त्यात वस्ताद होता. त्यानं रुचाला स्टुलावर बसवलं, चष्मा नाकावर घेतला आणि साहेब झाला. "मॅडम, तुमचा हा माणूस घाबरला कावून नाही?" "याची बायको काय म्हणत होती?" "ज्या मित्राचं नाव लागलं, त्याले शरम नाही वाटली काय?" मी जन्मतारखा विचारत होते, आणि दादा हे विचारत होता. त्याला मुलीचं जाणं मान्य झालं होतं असं नाही. पण डाव खेळायचा तर नीट खेळायचा, हा त्याचा स्वभाव. रुचा रोज थोडी कमी अडखळू लागली.

चमच्याची गोष्ट तिनं शेवटी सांगितली, जाण्याच्या आदल्या संध्याकाळी. बहुतेक मुद्दाम राखून ठेवली होती.

माचालांचा फाटकवाला बाप जेवायला बसला की चमचा आधी शर्टाच्या बाहीला पुसायचा, मगच सूपमध्ये घालायचा. चमचा स्वच्छ असला तरी. बायको रोज रागवायची, तो रोज पुसायचा. पुढं बाप गेला, पोराचं नाव पुसलं गेलं, आणि म्हातारी आई त्या खेड्यात एकटी उरली. पोराला पत्रातही काही लिहायची सोय नव्हती, कारण पत्रं उघडली जात. मग माचालांनी काय केलं, तर दुसऱ्यांच्या नावावर जाणाऱ्या प्रत्येक सिनेमात एक माणूस असा घातला, जो जेवण्याआधी चमचा बाहीला पुसतो. कधी सैनिक, कधी न्यायाधीश, एकदा तर नवरदेव. गोष्टीशी त्याचा काही संबंध नसे. म्हातारी गावच्या सिनेमाघरात जाऊन बसायची. पडद्यावर कुणी चमचा पुसला की तिला कळायचं, हा माझ्या पोराचा आहे आणि पोरगं जिवंत आहे, लिहितंय. मग ती उठायला लागली की शेजारची म्हणायची, पुढचं तरी पाहा. ती म्हणायची, मी आलेच होते याच्यासाठी.

रुचाचं सांगून झालं तेव्हा आई पदर डोळ्यांना लावून बसली होती. "मायले समजलं नं," ती म्हणाली. "मंग बस झालं."

मी गणिताची बाई, मला त्या वेळी सुचलं ते असं की आम्ही उत्तरापेक्षा रीतीला गुण देतो. उत्तर कुणी खोडलं तरी रीत कागदावर राहते, आणि ज्याला ती ओळखू येते त्याला पोरगं कोण हेही ओळखू येतं. मी हे बोलून दाखवलं असतं तर रुचा म्हणाली असती, आत्या, आता इथंही गणित? म्हणून मी कूलरमध्ये पाणी भरायला उठले. त्या दिवसापासून आमच्या घरात एक वाक्प्रचार रूढ झाला. कुणी न सांगता काही खूण ठेवली की चमचा पुसला म्हणायचं. वहिनी डब्यात चिठ्ठीशिवाय लाडू ठेवायची, तेव्हा दादा प्लांटमधून येऊन म्हणायचा, आज चमचा पुसला होता.

मुलाखत देऊन रुचा परत आली तेव्हा मी आणि दादा तिला आणायला दुर्ग स्टेशनवर गेलो होतो. होळी दुसऱ्या दिवशी होती. फलाटावरच आपापल्या गावी जाणाऱ्या पोरांनी नगारा काढला होता. रुचा उतरली, दमलेली, पण डोळे चमकत होते. परीक्षकांनी खूप विचारलं म्हणे. बॉयलरचं कुणी विचारलं नाही, पण तिनं आपणहून सांगितलं की घरी वडिलांचा या बाबतीत आक्षेप आहे, आणि ते सगळे हसले. शेवटी एका बाईंनी विचारलं, उद्या तुझं नाव पुसलं तर तू खूण म्हणून काय ठेवशील?

"मग तू काय म्हणाली?" मी विचारलं.

"म्हटलं, ठेवीन काहीतरी. लेकिन आपको नहीं बताऊँगी. सांगून टाकलं तर घरच्यांची मजा जाईल नं."

दादानं तिची बॅग उचलली आणि पुढं चालू लागला. पोरगी आगाऊ आहे, एवढंच पुटपुटला. डाव लागला होता हे आम्हाला पुढं महिनाभरानं कळलं. त्या दिवशी दादा शिफ्टवरून आला, शूज ठोकले, चहा प्याला आणि काही न सांगता कॅम्प-१ ला जाऊन एक भलीमोठी सुटकेस घेऊन आला. ती इतकी मोठी होती की रुचा म्हणाली, बाबा, यात मी पण मावते.

त्यानंतरचे फाल्गुन कसे गेले ते कळलंच नाही. रुचा शिकली, मुंबईला गेली. तिथं एका खोलीत चार-पाच जण मिळून हिंदी मालिका लिहितात, त्यातली ती एक. पडद्यावर नाव मोठ्या लेखकाचं येतं. नव्या पोरांचं नाव कधी येतं, कधी येत नाही. बहुतेक येतच नाही. रुचाला त्याचं फार वाटत नसावं. दादाला वाटायचं. मालिका संपली की तो चष्मा लावून टीव्हीजवळ जाऊन उभा राहायचा आणि खालून वर जाणारी नावं वाचायचा. आताच्या टीव्हीवर तर तेही होत नाही, नावं अर्ध्यात असतानाच पुढचा भाग सुरू होतो. दादा चिडून म्हणायचा की हा टीव्ही नावं वाचू देत नाही. मग मी मागं नेऊन थांबवायची, आणि आम्ही दोघं बारीक अक्षरात रुचाला शोधायचो. सापडायची नाही.

तुमसरला एका लग्नात कुणी विचारलं, तुमची मुलगी काय करते? दादा म्हणाला, मुंबईले असते. पुढचा प्रश्न यायच्या आत त्यानं जिलबीचा विषय काढला. परतताना गाडीत तो मला म्हणाला, "बेबी, तिनं लिवलं असल सगळं. मी कुठं नाही म्हणतो? पण मी लोकाइले काय दाखवू?" गाडी धावत होती आणि खालचा रूळ आमच्याच गावचा होता, पण त्या वेळी ते बोलण्यात अर्थ नव्हता.

आता दादा निवृत्त झालाय. क्वार्टर सोडलं, रिसालीला छोटं घर बांधलं. सेफ्टी शूज कुणाला तरी देऊन टाकले, आता पायांत चपला. चपला कुणी ठोकत नाही. संध्याकाळ आमच्याकडे आता घड्याळ पाहून होते. आईची ऐकण्याची ताकद थोडी कमी झाली आहे, पण माचालभाऊ रेल्वेचे होते हे मत अजून ठाम आहे.

गेल्या आठवड्यातली गोष्ट. बाहेर नगारा सुरू झाला होता, माझी शिकवणी नुकतीच सुटली होती. वहिनी अहिवाऱ्याहून येऊन हातपाय धुऊन स्वयंपाकघरात मेथी निवडत होती. दादानं टीव्ही लावला. कुठली तरी नवी हिंदी मालिका होती. कोणत्या तरी गावातलं कुटुंब, पोरीच्या लग्नाचं चाललेलं. रुचानं आम्हाला त्या मालिकेबद्दल काही सांगितलं नव्हतं. आई खुर्चीत अर्धवट झोपेत, मी पेपर तपासत. पडद्यावर एक बाप कामावरून घरी येतो. गोष्टीत त्याचं तसं काही काम नव्हतं. तो पायरीवर बसला, जाड शूज काढले, उलटे धरले आणि ठोकले. ठक्, ठक्. आतल्या बाईनं मागं वळूनही न पाहता गॅसचा लाइटर उचलला.

खट् असा आवाज आला. तो टीव्हीतला नव्हता. आमच्या स्वयंपाकघरातून आला होता.

दादा खुर्चीत पुढं सरकून बसला. "बेबी, मागं घे." मी मागं घेतलं. ठक्, ठक्. "पुन्हा घे." पुन्हा घेतलं. आई जागी होऊन पाहत होती. तिच्या तोंडावर हळूहळू हसू पसरलं. "चमचा पुसला पोरीनं," ती म्हणाली.

दादानं डोळ्यांवरचा चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. "आधी उजवा असते," तो म्हणाला. "यानं डावा ठोकला." मी पुन्हा एकदा मागं घेतलं, कारण त्यानं सांगितलं नसलं तरी त्याला ते हवं होतं, आणि मलाही.

तेवढ्यात वहिनी कपबशी घेऊन बाहेर आली. हाताला मेथीची पानं चिकटलेली. तिनं आधी दाराकडे पाहिलं. पायरीवर कोणी नव्हतं. मग तिनं खुर्चीत बसलेल्या दादाकडे पाहिलं, संध्याकाळपासून तिथंच बसलेल्या, पायांत चपला असलेल्या. हातातल्या चहाकडे पाहिलं आणि स्वतःशीच हसली.

"मी बी नं," ती म्हणाली. "ठोकलेलं आयकून चहा ठेवून बसली. मंग आलं कोण?"

दादानं टीव्हीवरची नजर काढली नाही. त्यानं हात पुढं करून कप घेतला.

"रुचा," तो म्हणाला.